आखूड टाच

टार्टूच्या रिंकवर, प्रेक्षकांच्या पायऱ्यांखाली
माझी खोली आहे. खिडकी नाही.
वर टाळ्या वाजल्या की छताचा चुना पडतो,
तेवढ्यावरून मी गुणांचा अंदाज बांधतो.

बत्तीस वर्षं धार लावतोय.
माणसं मला चेहऱ्यानं नाही, पात्यानं आठवतात.
मारीकाचं पहिलं पातं आलं तेव्हा ती अकराची,
सोबत आई, आईच्या मुठीत रुमालात बांधलेली नाणी.
"हिला उड्या जमत नाहीत," आई म्हणाली,
जणू मी पातं पाजळलं की जमतील.

वर्षभरानं उड्या सोडून ती नृत्याकडे वळली
आणि दुसरं पातं घेऊन आली, आखूड टाचेचं.
बर्फावर जोडीनं नाचणाऱ्यांचं पातं मागून बोटभर कमी असतं,
एकाचं दुसऱ्याच्या पायात येऊ नये म्हणून.
घरी सांगितलं तर बायको म्हणाली,
"आपल्याही लग्नात कुणी तेवढं कापून दिलं असतं तर!"

पात्याला दोन कडा असतात, मधे बारीक पन्हळ.
आतल्या कडेवर राहा, नाहीतर बाहेरच्या.
दोन्हींवर एकदम टेकलात की गुण गेले.
दोन डगरींवर पाय ठेवून
तीन राजवटी काढलेल्या आमच्या गावात
हा नियम फक्त पोरीच पाळत होत्या.

तावेतबरोबर सात वर्षं.
तिच्या उजव्या पात्याची बाहेरची कड आधी झिजे,
त्याच्या डाव्याची आतली.
शेजारी ठेवली की एकाच वळणाचे दोन तुकडे.
मग तावेतला सैन्याचं पत्र आलं.
अकरा महिने फक्त, म्हणाला.
परतला तो रुंद खांद्यांचा, लाकडाच्या वखारीत नोकरी धरलेला.

दीड वर्ष ती एकटी नाचली,
डावा हात हवेत, कुणाच्या तरी खांद्याच्या उंचीवर.
दोन हातांपेक्षा लांब जायचं नाही असा नियम होता.
कुणापासून, ते तिनं स्वतःच ठरवलं होतं बहुधा.
त्या दीड वर्षात तिची पाती सगळीकडून सारखी झिजली.
मी काही बोललो नाही. धार लावून दिली.

पुढे जर्मनीत, ओबर्स्टडॉर्फला.
बेनेडिक्ट एक, रांगेत नऊ जणी.
त्यानं हिला निवडलं.
फळ्यावर नाव तिचं आधी, झेंडा मात्र त्याचा.
तिथल्या यंत्राची धार तिला मानवेना,
बूट पोस्टानं माझ्याकडे यायचे, लोकरी मोज्यांत गुंडाळलेले,
आणि एकदा मोज्यात, चुकून, तिचं घरचं पत्र.
मी वाचलं नाही. पहिली ओळ सोडून.

युरोपच्या स्पर्धेत पहिल्या दिवशी एकविसावी.
मुक्त नृत्याला वीसच जोड्या घेतात.
कमी पडले शून्य पूर्णांक अकरा शतांश.
माझ्या चाकावरून एका फेरीत
याहून जास्त पोलाद उडतं.
गर्द जांभळा पोशाख घडी न मोडता घरी आला.

पुढच्या वर्षी अठरावी!
आईनं रिंकवर केक आणला, मला कडेचा तुकडा.
आणि त्याच्या पुढच्या वर्षी, तिला उचललेली असताना,
त्याचा खांदा निखळला.
ती पडली नाही. तिला बर्फावर नीट ठेवून
मगच तो खाली बसला.
हे तिनं मला फोनवर तीनदा सांगितलं.
चौथ्यांदा रडली.

शेवटच्या पात्यांत अजून पाचसहा वेळची धार शिल्लक आहे.
मी मोजली. तिला सांगितलेलं नाही.

हल्ली ती बसस्थानकावर तिकिटं विकते,
शनिवारी येते, पिशवीत स्वयंपाकघरातल्या सुऱ्या.
काळ्या पावाची दातेरी सुरीही आणते.
दातेरीला मी हात लावत नाही हे तिला ठाऊक आहे,
तरी आणते.
अंगठ्याच्या नखावरून पातं ओढून बघते,
पांढरा भुसा निघाला की मान हलवते.
आणि तेवढा वेळ, माझ्या सिमेंटच्या जमिनीवर,
ती एका पायावर उभी असते,
किंचित कललेली,
बाहेरच्या कडेवर.